शेवटचा शब्द कोणाचा?

सांगली जिल्ह्यातल्या कृष्णाकाठच्या एका गावातून एका ताईंचं पत्र आलं आहे. वय ३६. मुंबईत राहून त्यांनी बरीच वर्षं टीव्हीसाठी इतिहासातल्या माणसांवर माहितीपट केले. सुरुवात संशोधक म्हणून झाली, पुढे सहायक आणि शेवटी दिग्दर्शक. अलीकडे वाहिनीची मागणी बदलली. ढोलताशांचं पार्श्वसंगीत हवं, तलवारी हव्यात, दर पाच मिनिटांनी नाट्यप्रसंग हवा. एका समाजसुधारकाला त्याच्याच जातभाईंनी कसा त्रास दिला, हा भाग तर प्रक्षेपणाच्या आदल्या रात्री कापला गेला. मग काम कमी होत गेलं. गेल्या वर्षी वडिलांना अर्धांगवायूचा झटका आला आणि ताई गावी परतल्या.

आता गावातल्या एका सधन घराण्याने त्यांना विचारलं आहे की आमचे आजोबा पत्री सरकारात, म्हणजे इंग्रजांविरुद्धच्या भूमिगत प्रतिसरकारात होते, त्यांच्या जन्मशताब्दीला तासाभराचा माहितीपट करून द्या. पैसे मुंबईतल्या वर्षभराच्या कमाईएवढे आहेत. अट एकच. आजोबांनी गावातल्या एका माणसाला पोलिसांचा खबऱ्या ठरवून शिक्षा दिली होती, ती गोष्ट फिल्ममध्ये नको. त्या माणसाची नातवंडं पलीकडच्याच गल्लीत राहतात. दुसरीकडे एका कॉलेजात तासिका तत्त्वावर मास कम्युनिकेशन शिकवायची संधी आली आहे. ताई विचारतात, 'पैशासाठी खोटं चरित्र करू, की हे क्षेत्रच सोडून शिकवायला लागू? मुंबई सुटली, वाहिनी सुटली, म्हणजे माझं करिअर संपलंच ना?'

ताई,

अजून एक फ्रेमही चित्रित झालेली नाही आणि तुम्ही त्या फिल्मला 'खोटं चरित्र' म्हणून मोकळ्या झाला आहात. म्हणून मला आधी तिथेच थांबावंसं वाटतं.

शिक्षेची ती गोष्ट तुम्हाला कळली कुठून? पत्रात एवढंच आहे की 'सगळ्या गावाला माहीत आहे'. हेच वाक्य एखाद्या शिकाऊ संशोधकाने तुमच्यापुढे ठेवलं असतं तर तुम्ही त्याला परत पाठवलं असतं. कोणी पाहिलं? कोणत्या साली? खबऱ्या असल्याचा आधार काय? त्या घरातले लोक काय सांगतात? पोलिसांच्या कागदात काही आहे का? गावाची आठवण एकच एक कधी नसते. ज्या घरात मार बसला तिथली वेगळी. ज्या घरातून भूमिगतांना भाकरी जायच्या तिथली वेगळी. दोन्हीकडे संबंध राखून ज्यांनी ते दिवस काढले त्यांची तर तिसरीच. ज्याला तुम्ही दडपलं जाणारं सत्य म्हणता ते अजून कोणी तपासलेलं नाही, आणि घराणं ज्याला बदनामी समजतं तेही नाही. दोघेही एका ऐकीव गोष्टीवर आपापली भूमिका ठरवून बसला आहात.

तो काळ मुळात सोपा नव्हता. १९४३ ते १९४६ या वर्षांत क्रांतिसिंह नाना पाटलांच्या नेतृत्वाखाली तेव्हाच्या सातारा जिल्ह्यात प्रतिसरकार चाललं. न्यायमंडळं बसली, सावकारांना आणि गावगुंडांना जरब बसली, साध्या खर्चाची लग्नं लागली, तुफान सेना हे प्रतिसरकारचं स्वतःचं दल उभं राहिलं. ७ जून १९४३ रोजी शेणोलीजवळ रेल्वे अडवून कर्मचाऱ्यांच्या पगाराची रक्कम नेली गेली. त्याच वर्षी २४ जुलैला वसंतदादा पाटील साथीदारांसह सांगलीचा तुरुंग फोडून बाहेर पडले. दादांना गोळी लागली, अण्णासाहेब पत्रावळे आणि बाबूराव जाधव यांचे प्राण गेले. एवढ्या धाडसाच्या याच चळवळीत शिक्षाही होत्या. त्या देणारे पुष्कळदा विशी-बाविशीतले तरुण होते, न्यायालय भूमिगत होतं आणि मागे पोलिसांचा ससेमिरा होता. अशा घाईच्या निवाड्यांत एकही चूक झाली नसेल, असं त्या चळवळीवर माझ्याइतकं प्रेम असणारा माणूससुद्धा म्हणणार नाही.

आता धरून चालू की तुम्ही नीट तपास केलात आणि घटना खरी निघाली. तरीही 'सगळं दाखवलं तरच प्रामाणिक' हे तुमचं गृहीतक मला जसंच्या तसं पटत नाही. ज्याला शिक्षा झाली तो आपली बाजू मांडायला तुमच्या कॅमेऱ्यापुढे येऊ शकत नाही. त्याची नातवंडं मात्र रोज सकाळी याच गावच्या डेअरीत दूध घालतात. पडद्यावर त्याचं नाव 'खबऱ्या' म्हणून आलं तर ऐंशी वर्षांनी तीच शिक्षा पुन्हा दिली जाईल, आणि या वेळी ती तुमच्या हातून होईल. घटना गाळणं वेगळं, नाव गाळणं वेगळं. आजोबांनी आणि त्यांच्या साथीदारांनी लोकांना शिक्षा दिल्या, त्यातल्या एका शिक्षेबद्दल गावात आजही एकमत नाही, एवढं सांगायला नाव लागत नाही, गल्ली लागत नाही, घराच्या दाराचा शॉटही लागत नाही. ते सांगितलं की चरित्र खोटं राहत नाही. ते अजिबातच सांगायचं नाही असं ठरलं, तर मग तुमची शंका रास्त आहे.

कायद्याचीही एक बाजू आहे, थोडक्यात सांगते. एखाद्याच्या आयुष्याबद्दल सार्वजनिक नोंदींच्या आधारे लिहिण्या-दाखवण्याला त्याची संमती लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९४ च्या राजगोपाल खटल्यात स्पष्ट केलं आहे. पण नोंद असायला हवी, 'गावाला माहीत आहे' ही नोंद नव्हे. आणि गेलेल्या माणसाबद्दलचं विधानसुद्धा अब्रुनुकसानी ठरू शकतं, जर ते त्याच्या कुटुंबाच्या भावना दुखावण्याच्या हेतूने केलेलं असेल. हे आधी भारतीय दंडसंहितेत होतं, आता न्यायसंहितेतही आहे.

घराण्याने ही अट का घातली, हे तुम्ही त्यांना विचारलं आहे का? पत्रावरून वाटतं की नाही. तुम्ही मनाशी ठरवून टाकलं आहे की त्यांना आजोबांचा डागविरहित पुतळा हवा आहे. तसं असेलही. पण असंही असू शकेल की त्यांना शेजाराशी वैर नको आहे. पाण्याच्या पाळीपासून सोसायटीच्या निवडणुकीपर्यंत रोज त्याच माणसांशी गाठ पडते. मुंबईतून आलेल्या माणसाला जी लपवाछपवी वाटते ती गावात पुष्कळदा शेजारधर्म असतो. तसं असेल तर 'घटना राहील, नाव जाईल' या तोडग्यावर ते तुमच्या अपेक्षेपेक्षा लवकर राजी होतील. आणि पुतळाच हवा असेल तर तेही पहिल्या बैठकीतच कळेल.

त्या बैठकीत त्यांना कर्मवीर भाऊराव पाटलांचं उदाहरण द्या. रयत शिक्षण संस्था, साताऱ्यातलं शाहू बोर्डिंग, वसतिगृहातल्या मुलांच्या पोटासाठी अंगावरचे दागिने मोडणाऱ्या लक्ष्मीबाई, हे सगळ्यांना पाठ आहे. पण त्यांच्याच चरित्रात कोल्हापूरचं डांबर प्रकरण, म्हणजे पुतळ्याला डांबर फासल्याचं प्रकरणही आहे. अण्णासाहेब लठ्ठे यांच्याविरुद्ध खोटी साक्ष द्यावी म्हणून भाऊरावांचा छळ झाला आणि त्या छळात त्यांनी जीव देण्याचा प्रयत्न केला. त्यांच्या चरित्रकारांनी हे झाकलेलं नाही. झाकलं असतं तर आपल्याला एक संस्थापक दिसला असता. ते सांगितलं गेलं म्हणून दुसऱ्याच्या विरोधात खोटं बोलण्यापेक्षा मरण पत्करायला निघालेला तरुण दिसतो, आणि पुढचं सगळं काम त्याच माणसाचं आहे हे उमगतं. आजोबांच्या नातवाला विचारा, शंभराव्या वर्षी गावाने त्यांना फक्त हार घालावा असं वाटतं की त्यांना ओळखावं असं वाटतं?

आता पैशाचं. माझ्या मते तुमच्या पत्रातला खरा धोका इथे आहे, आणि त्याबद्दल तुम्ही एक ओळही लिहिलेली नाही. करार काय आहे? बहुधा काहीच नाही. ओळखीतलं काम, चहा पिताना ठरलेलं. भारतीय कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणे, मोबदला देऊन कोणी तुमच्याकडून चित्रपट करून घेतला आणि वेगळा करार केला नाही, तर त्याचा पहिला हक्कदार पैसे देणारा असतो. म्हणजे काही लिहिलंच नाही तर फिल्म घराण्याची. उद्या त्यांनी दुसऱ्या एडिटरकडून ती कापून घेतली तरी तुमच्या हातात फारसं काही उरत नाही. वाहिनीने त्या रात्री जे केलं तेच गावात पुन्हा घडेल, आणि इथे तर समोरची माणसं रोज भेटणारी असतील.

म्हणून शूटिंगच्या आधी कागद करा. त्यात माझ्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचं कलम हे की अंतिम संपादनाचा निर्णय दिग्दर्शकाचा. कुटुंबाला एकदा पूर्ण फिल्म दाखवली जाईल, तपशिलाची चूक पुराव्यासह ठराविक दिवसांत कळवता येईल आणि ती तुम्ही दुरुस्त कराल. पण 'हे आम्हाला आवडलं नाही' ही चूक धरली जाणार नाही. दुसरं, रशेस म्हणजे सगळं मूळ चित्रण आणि न वापरलेल्या मुलाखती पुढच्या कामासाठी वापरण्याचा हक्क तुमच्याकडे राहील. हक्क कोणाकडे, किती वर्षांसाठी, कोणत्या प्रदेशासाठी, हे शब्दांत लिहा. हक्क सोपवताना मुदत लिहिली नाही तर कायदा पाच वर्षं धरतो आणि प्रदेश लिहिला नाही तर भारत धरतो. पैसे टप्प्याटप्प्याने घ्या, मोठा वाटा शूटिंग सुरू होण्याआधी. काम मध्येच थांबलं तर तोवरच्या कामाचे पैसे मिळतील, हेही असू द्या. ओळखीच्या माणसांत असं लिहून घेणं जड जातं खरं, पण नंतर तोंड फिरवून जाण्यापेक्षा ते सोपं आहे.

ते अंतिम संपादन सोडायला तयार झाले नाहीत तर? तरीही नकार देणं हाच एक मार्ग आहे असं मी म्हणणार नाही. घरात वडिलांचं औषधपाणी आहे. अशा वेळी त्यांना गौरवपट करून द्या आणि त्याला गौरवपटच म्हणा. वीस-पंचवीस मिनिटांचा, सुरुवातीलाच 'कुटुंबाच्या वतीने निर्मित' अशी पाटी असलेला, आजोबांची छायाचित्रं, त्यांच्याबद्दल बोलणारी माणसं, गावातल्या जागा. लग्नाचं शूटिंग करणारा कॅमेरामन आपल्या कामाला इतिहास म्हणत नाही, म्हणून ते काम खोटं ठरत नाही. साखर कारखाने, शिक्षणसंस्था, सहकारी बँका यांच्या संस्थापकांवर असे कितीतरी गौरवपट आपल्या भागात होतात, आणि ते करून पोट भरणाऱ्यांनी मान खाली घालायचं कारण नाही. गौरवपटावर चरित्राचं लेबल लावलं की मात्र फसवणूक सुरू होते. मग तुमच्या नावाच्या भरवशावर उद्याचा एखादा विद्यार्थी त्याला पुरावा मानेल. दोन्ही अटी मान्य नसतील, म्हणजे चरित्र म्हणायचं आणि शेवटचा शब्दही त्यांचाच ठेवायचा असेल, तर पैसे कितीही असोत, सोडा.

वाहिनीबद्दल तुमचा राग मला समजतो. त्यातला एक भाग मात्र वेगळा काढून बघा. नाट्यप्रसंग मुळात वाईट नाहीत. १९८८ साली दूरदर्शनवर आलेल्या 'भारत एक खोज'चे ५३ भाग अभिनयावरच उभे होते. रोशन सेठ नेहरू होऊन समोर येत आणि नसीरुद्दीन शाह शिवाजी महाराजांच्या भूमिकेत दिसत. तरीही ते बघताना कोणी फसलं नाही, कारण हा अभिनय आहे आणि याच्यामागे नेहरूंचं पुस्तक आहे हे उघड होतं. कल्पनेने रंगवलेला प्रसंग 'असंच घडलं' म्हणून दाखवणं हा खरा अपराध. यापुढे तुमच्या कामात नाट्यप्रसंग आला तर त्याचा आधार पडद्यावर एका ओळीत द्या: अमक्याच्या आठवणीवरून, तमक्या पत्रावरून. आणि आधार नसेल तर तो प्रसंगच करू नका. तो कापला गेलेला भाग मात्र विसरू नका. त्याचं संशोधन तुमच्या वहीत असेलच. चित्रण वाहिनीचं असलं तरी तुम्ही वाचलेले मूळ कागद कोणाच्या मालकीचे झालेले नाहीत. त्यावर लेख लिहा.

आणि करिअर संपलं का? मला वाटतं, टीव्हीने तुम्हाला जे दिलं ते तुम्ही करिअरचं पूर्ण रूप समजून बसला आहात. आपल्याकडे खऱ्या घटनांचं चित्रण वाहिन्यांच्या कितीतरी आधी सुरू झालं. सावे दादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी मुंबईत कुस्तीचा सामना १८९९ मध्ये चित्रित केला, आणि मुंबई दूरदर्शन सुरू झालं १९७२ मध्ये. ए. के. चेट्टियार या तमिळ पत्रकाराने गांधीजींवरच्या माहितीपटासाठी देशोदेशी फिरून जुनं चित्रण जमवलं आणि १९४० मध्ये तो लोकांपुढे आणला. १९४८ पासून फिल्म्स डिव्हिजन होती, तीही २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली. दाखवणाऱ्या संस्था येतात आणि जातात. चरित्रकाराचं भांडवल म्हणजे त्याने मिळवलेले कागद, साक्षी आणि त्याच्या शब्दावरचा लोकांचा विश्वास. यातलं काहीही अंधेरीतल्या एडिट रूममध्ये राहून गेलेलं नाही.

उलट तुमच्या विषयासाठी तुम्ही आत्ता योग्य जागी आहात, आणि इथे थोडी घाई करायला हवी असं मी मनापासून सांगते. नाना पाटलांच्या कन्या हौसाताई पाटील २०२१ मध्ये गेल्या. भवानीनगरच्या पोलीस ठाण्यासमोर नवऱ्याचा मार खाणाऱ्या बाईचं सोंग उभं करून पोलिसांना बाहेर गुंतवून ठेवलं आणि तेवढ्यात साथीदारांनी आतली हत्यारं उचलली, ही गोष्ट त्यांच्याच तोंडून लोकांपर्यंत आली. तुफान सेनेचे कॅप्टन भाऊ लाड २०२२ मध्ये गेले. आता जे उरलेत ते त्या वेळी लहान मुलं होते. निरोप नेणारी, रानात भाकरी पोचवणारी, पोलीस आले की खोटं सांगायला शिकवलेली ती पोरं आज पंच्याऐंशी-नव्वदीत आहेत. त्यांच्याकडून ऐकायला घराण्याचे पैसे लागत नाहीत, वाहिनी लागत नाही. चांगला मोबाइल, कॉलरला लावायचा साधा लेपल माइक आणि दुपारच्या जेवणाआधीचे दोन तास पुरतात.

तुम्हाला मुलाखत शिकवायची गरज नाही, पण ज्यांनी टीव्हीचं काम केलेलं नाही अशा वाचकांसाठी लिहिते. सुरुवातीलाच 'तुम्ही स्वातंत्र्यासाठी काय केलंत?' असं विचारलं की माणूस भाषण करतो. त्याऐवजी घर कसं होतं, जनावरं किती होती, विहीर कुणाची, शाळा कुठे भरायची, पोलीस कोणत्या वाटेने यायचे, इथून सुरू करा. शेजारी बसून मध्येच उत्तरं देणाऱ्या मुलाला किंवा सुनेला आदराने बाहेर चहा करायला पाठवा. पंखा बंद करा. गाळपाच्या दिवसांत रस्त्याकडेची खोली टाळा, गाणी लावून जाणाऱ्या उसाच्या ट्रॅक्टरखाली अर्धी मुलाखत जाते. कॅमेऱ्यावरच तारीख, गाव, नाव आणि 'हे चित्रण अभ्यासासाठी आणि माहितीपटासाठी वापरायला माझी हरकत नाही' एवढं त्यांच्याच शब्दांत घ्या. थोड्या दिवसांनी पुन्हा जा, दुसऱ्या भेटीत माणूस पहिल्या भेटीतलं स्वतःहून दुरुस्त करतो.

कागदांचंही तसंच. २००५, २०१९ आणि २०२१ चे महापूर तुमच्या काठाने पाहिले आहेत. पाणी घरात शिरलं तेव्हा लोकांनी माणसं आणि जनावरं बाहेर काढली, ट्रंकेतली पत्रं आणि अल्बम कोण काढणार? स्वातंत्र्यसैनिकांच्या पेन्शनच्या फायली, तुरुंगातून आलेली पोस्टकार्डं, मोर्चांचे फोटो असेच गेले. जे उरलं आहे त्याचे उजेडात, सपाट ठेवून, मागची बाजूसुद्धा धरून फोटो काढा. प्रती दोन जागी ठेवा आणि त्यातली एक जागा नदीपासून लांब असू द्या. मूळ कागद घरी नेऊ नका. तिथेच टिपा आणि तिथेच परत द्या, म्हणजे दुसऱ्या घराचं दारही उघडतं.

सरकारी कागद शोधताना जिल्ह्याच्या नावाने गोंधळायला होतं. 'दक्षिण सातारा' हा वेगळा जिल्हा १९४९ मध्ये झाला आणि त्याला सांगली हे नाव १९६० मध्ये मिळालं. त्यामुळे १९४३ चा वाळवा किंवा तासगाव सातारा जिल्ह्याच्या नावाखालीच सापडेल. मुंबईत एल्फिन्स्टन कॉलेजच्या इमारतीत राज्याचं पुराभिलेखागार आहे. तिथले गृह खात्याच्या विशेष शाखेचे दप्तर या चळवळीसाठी महत्त्वाचे आहेत. प्रतिसरकारचं केंद्र असलेलं कुंडल मात्र तेव्हा औंध संस्थानात होतं, म्हणजे एकाच माणसाचा माग काढायला ब्रिटिश जिल्ह्याचे आणि संस्थानाचे असे दोन्हीकडचे कागद बघावे लागतात. आजोबांच्या प्रकरणाचा पोलिसांकडचा उल्लेख मिळाला तर तोही ब्रह्मवाक्य मानू नका. पोलिसांनी तो स्वतःच्या सोयीने लिहिलेला असतो. पण गावाची आठवण आणि पोलिसांचा कागद जिथे एकमेकांशी जुळत नाहीत, नेमकी तिथेच तुमच्या फिल्मची गोष्ट असते.

हे काम घराण्याच्या फिल्मशी बांधून घेऊ नका. त्यांचं होवो न होवो, हे चालू ठेवा. पत्राच्या शेवटी तुम्ही एकाच ओळीत लिहिलं आहे की भूमिगत चळवळीतल्या बायकांवर काही करावं असं कधीपासून मनात आहे. मला तर सगळ्या पत्रात ती ओळ सर्वांत जिवंत वाटली. हौसाताई, कासेगावच्या इंदुताई पाटणकर अशी थोडी नावं माहीत आहेत. ज्यांची नावं कुठेच नाहीत त्या बायकांची चरित्रं कोणत्याही जन्मशताब्दी समितीकडून येणार नाहीत. त्या साक्षी तुमच्याकडे जमल्या की मुंबईच्या माहितीपट महोत्सवापासून सह्याद्री वाहिनीपर्यंत आणि गावोगावच्या वाचनालयांपर्यंत दारं ठोठावता येतील. हातात काही नसताना नुसत्या कल्पनेवर पैसे मागण्यापेक्षा दहा मिनिटांची जुळवलेली साक्ष दाखवून मागणं केव्हाही बरं.

असाच प्रश्न पडलेले साताऱ्याकडचे दोघे-तिघे वाचक मला माहीत आहेत. त्यांची अडचण वेगळी असते: आमच्या माणसाचा फोटो नाही, फुटेज नाही, टीव्हीवर दाखवणार काय? रंगो बापूजींचा विचार करा. साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह महाराजांना १८३९ मध्ये पदच्युत करून काशीला पाठवलं, आणि त्यांची कैफियत मांडायला रंगो बापूजी लंडनला गेले ते १८५३ पर्यंत तिथे झगडत राहिले. १८५७ च्या उठावाच्या कटात त्यांच्या मुलाला फाशी झाली आणि स्वतः रंगो बापूजी असे नाहीसे झाले की पुढे त्यांचं काय झालं हे कोणी खात्रीने सांगू शकत नाही. छायाचित्रणाची कला जगापुढे आली तीच १८३९ मध्ये. तरी या माणसाचे अर्ज आहेत, छापील निवेदनं आहेत, ब्रिटिश संसदेतल्या चर्चांची इतिवृत्तं आहेत, साताऱ्याचा राजवाडा आणि फाशी झाली तो गेंडामाळ आहे. जिथे पुरावा संपतो तिथे संपला असं स्पष्ट सांगणारा माहितीपट मी डोळ्यांत तेल घालून बघेन. मोडी येत नसेल तर शिका. पुराभिलेख संचालनालय त्याचे वर्ग घेतं. पन्नाशीतली माणसंही ते शिकतात.

शिकवण्याच्या नोकरीबद्दल फार लिहायला नको. घ्या. पण तासिका तत्त्वावरचं काम आहे, सुट्ट्यांत पैसे नाहीत आणि पुढच्या वर्षीची हमी नाही, हे गृहीत धरून घ्या. आठवड्यातले दोनच दिवस द्या आणि उरलेले दिवस कोणत्याही कारणाने भरू देऊ नका. मुलांना प्रकल्प म्हणून आपापल्या गावातल्या सगळ्यात वयस्कर माणसाची मुलाखत आणायला लावा. 'हे क्षेत्र सोडून शिकवायला लागू का' असं तुम्ही विचारता तेव्हा शिकवणं म्हणजे माघार असं धरलेलं दिसतं. मला ते मान्य नाही. संशोधन कसं करायचं हे तुमच्याएवढं जवळून पाहिलेलं माणूस या भागातल्या वर्गांत फार वेळा उभं राहत नाही.

आता पहिलं काम. येत्या आठवड्यात घराण्याच्या वडीलधाऱ्या माणसाला भेटायला जा. स्क्रिप्ट घेऊन जाऊ नका, एकच पानभर पत्र न्या. त्यात लिहा की आजोबांचं चरित्र तुम्ही आनंदाने कराल. शिक्षेच्या घटनेचा तुम्ही तपास कराल, आणि ती खरी निघाली तर नाव आणि ठिकाण न घेता तिचा उल्लेख राहील. फिल्म पूर्ण झाल्यावर त्यांना दाखवाल, पण शेवटचा निर्णय तुमचा असेल. हे मान्य नसेल तर वेगळ्या मोबदल्यात, वेगळ्या नावाने गौरवपट करून द्यायची तयारीही त्याच पत्रात कळवा, म्हणजे त्यांनाही निवड करता येईल. पलीकडच्या गल्लीतल्या घरी मात्र करार होईपर्यंत जाऊ नका. तुम्ही कोणाच्या पैशाने आलात हे त्यांना खरंखुरं सांगता यायला हवं. गेलात की पहिल्या भेटीत कॅमेरा घरीच ठेवा आणि त्यांनी बोलायला नकार दिला तर तो नकार तसाच वहीत टिपून ठेवा. कराराचा मसुदा झाला की सही करण्याआधी कॉपीराइटचं काम करणाऱ्या एखाद्या वकिलाला नक्की दाखवा.